कृत्तिकांची साक्ष
(कै. शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचे चरित्र)

भगिनींनो, स्मरणिकेसाठी एखाद्या थोर व्यक्तीचे चरित्र लिहून द्या, असे मंडळाने मला सांगितले, तेव्हा राण्या, संत आणि समाजसुधारक यांची नावे अगोदरच वाटली गेली होती. मी शंकर बाळकृष्ण दीक्षितांचे नाव घेतले. हे कोण, असे दोघीतिघींनी विचारले. थोर ज्योतिषी होते, असे मी सांगताच, ते पत्रिका चांगली पाहत असत का, असा प्रश्न आला. त्या प्रश्नामुळेच हा लेख लिहायचे मी नक्की केले. ज्योतिष या शब्दाचा पत्रिकेखेरीज दुसरा अर्थ आपल्या घरांतून जवळजवळ नाहीसा झाला आहे. दीक्षितांनी आयुष्य वेचले ते त्या दुसऱ्या अर्थासाठी.

हा अर्थ आपल्या आधीच्या बायकांना अगदीच परका नव्हता. माझ्या सासूबाईंना अक्षरओळख नव्हती. पण पहाटे जात्यावर बसायची वेळ त्या आकाशाकडे पाहून ठरवीत. सप्तर्षींना त्या म्हातारीची बाज म्हणत आणि बाज नेणारे तीन चोरही दाखवीत. कृत्तिकांचा घोस वर आला म्हणजे किती रात्र झाली, हे त्या बरोबर सांगत. मी शिकलेली, पण मला घड्याळ कळे, आकाश कळत नसे. दीक्षितांच्या 'ज्योतिर्विलास' या पुस्तकाचे दुसरे नाव 'रात्रीची दोन घटका मौज' असे आहे. दोन घटका म्हणजे 48 मिनिटे. जेवणे उरकली, ओटा आवरला, की निजेपर्यंत आपल्या हाती उरतो तो एवढाच वेळ. त्या नावानेच मला प्रथम ओढून घेतले.

दीक्षितांचा जन्म 1853 साली रत्नागिरी जिल्ह्यात दापोलीजवळच्या मुरुड गावी झाला. महर्षी कर्वे ज्या मुरुडात वाढले, तेच हे समुद्रकाठचे गाव. घरची स्थिती बेताची. गावच्या शाळेत शिक्षण झाल्यावर ते पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात गेले आणि शिक्षक होण्याची तयारी करताकरताच इंग्रजी शिकले. 1874 साली ते मॅट्रिक झाले. पुढे कॉलेजात जाणे जमले नाही. पदवी नाही, परदेशगमन नाही, घरी दुर्बिणीची वेधशाळा नाही. एक शाळामास्तर, एवढीच त्यांची सरकारदप्तरी ओळख. रेवदंडा, ठाणे, बार्शी, धुळे आणि शेवटी पुण्याचे ट्रेनिंग कॉलेज, असा त्यांच्या नोकरीचा प्रवास झाला. दिवसा शाळा आणि उरलेल्या वेळात गणित, असा त्यांचा क्रम होता. सिद्धांतग्रंथ, करणग्रंथ, पंचांगे आणि पाश्चात्य ज्योतिषाची पुस्तके त्यांनी स्वतःच्या बळावर अभ्यासली. 'विद्यार्थिबुद्धिवर्धिनी' आणि 'सृष्टचमत्कार' ही त्यांची आरंभीची पुस्तके. नावांवरूनच दिसते की, शिकलेले लगेच दुसऱ्याला देऊन टाकावे, असा त्यांचा स्वभाव होता.

या प्रवासातील बार्शी आपल्याला जवळची. 1882 ते 1889 अशी सुमारे सात वर्षे ते तेथल्या इंग्रजी शाळेत शिक्षक होते. आपला बीड जिल्हा त्या वेळी निजामाच्या राज्यात होता आणि बार्शी इंग्रजी अमलात. मध्ये राज्याची हद्द होती. पण आकाशाला हद्द नसते. बालाघाटाच्या अलीकडे आपल्या आज्या-पणज्या ज्या चांदण्या पाहत, त्याच पलीकडे दीक्षित मास्तर पाहत होते. फरक इतकाच, की त्यांच्या मनात प्रश्न होता: पंचांगात लिहिलेले आणि आकाशात दिसणारे एकमेकांशी जुळते का?

हा प्रश्न साधा वाटतो, परंतु त्याने त्या काळी पुष्कळ खळबळ उडविली होती. आपण संक्रांतीला हळदीकुंकू करतो, वाण लुटतो, तिळगूळ देतो, आणि त्या दिवशी उत्तरायण लागले असे समजतो. आकाशात पाहिले तर सूर्य उत्तरेकडे वळतो तो 21 किंवा 22 डिसेंबरला. आपली संक्रांत येते 14 किंवा 15 जानेवारीला. सुमारे चोवीस दिवसांचे हे अंतर एकदम पडलेले नाही. पृथ्वीचा आस भोवऱ्यासारखा अतिशय सावकाश डुलतो. त्याच्या एका फेरीला सुमारे 26,000 वर्षे लागतात. त्यामुळे ऋतूंचे वर्ष ताऱ्यांवरून मोजलेल्या वर्षापेक्षा वीस मिनिटांनी लहान असते. वर्षाला वीस मिनिटे म्हणजे काहीच नव्हे; पण सुमारे एकाहत्तर वर्षांत त्यांचा एक दिवस होतो. 1863 साली संक्रांत 12 जानेवारीला आली होती. आणखी काही हजार वर्षांनी ती भर उन्हाळ्यात येईल, आणि तिळगूळ मात्र आपण थंडीचा म्हणून वाटत बसू.

प्रोफेसर केरो लक्ष्मण छत्रे यांनी 1865 पासून सुधारलेले पंचांग काढून या कामाला आरंभ केला होता. पुढे विसाजी रघुनाथ लेले आणि जनार्दन बाळाजी मोडक यांच्याबरोबर दीक्षितांनी सायन पंचांगाचा पक्ष घेतला. महिने आणि सण ऋतूंना धरून राहावेत, हा त्या पक्षाचा आग्रह. लोकांनी तो स्वीकारला नाही. नक्षत्रांची नावे आकाशातील ताऱ्यांना धरून राहिली पाहिजेत, असे दुसऱ्या पक्षाचे म्हणणे होते, आणि तेही विचार करण्याजोगे होते. दीक्षितांना हार खावी लागली असे म्हणता येईल; परंतु त्यांनी आदळआपट केली नाही. आपल्या देशात हे शास्त्र वेदकाळापासून कसकसे वाढले, कोणी काय मोजले आणि कोठे चुकले, हे सारे लिहून काढायचे काम त्यांनी हाती घेतले. दक्षिणा प्राइझ कमिटीने अशा ग्रंथासाठी बक्षीस लावले होते. बार्शीला असतानाच ते या कामात गढले होते. 'भारतीय ज्योतिषशास्त्राचा प्राचीन आणि अर्वाचीन इतिहास' हा त्यांचा ग्रंथ 1896 साली प्रसिद्ध झाला. तो मराठीत लिहिलेला आहे, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. पुढे भारत सरकारने त्याचे इंग्रजी भाषांतर छापले. परभाषेतील विद्वानांना मराठीच्या दाराशी यावे लागले, असा हा थोडक्या ग्रंथांपैकी एक होय.

आपल्याकडे भास्कराचार्यांचा विषय निघाला की माना ताठ होतात. 1114 साली जन्मलेल्या या गणितज्ञाचे विज्जलविड म्हणजे आपले बीडच, असे आपण म्हणतो. चाळीसगावजवळच्या पाटणचा दावाही मोठा आहे. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी त्यांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठी काढलेल्या मठाचा 1207 सालचा शिलालेख तेथे आहे. या वादाचा निकाल लागो न लागो, भास्कराचार्यांसारख्यांची परंपरा पुराव्यानिशी जगापुढे मांडली ती दीक्षितांनी, एवढे आपण बीडकरांनी मानले पाहिजे.

बार्शीच्याच काळात त्यांच्या गणिताची परीक्षा मोठ्या ठिकाणी झाली. जे. एफ. फ्लीट हे गुप्त राजांचे शिलालेख वाचून त्यांचा काळ ठरवीत होते. लेखात तिथी असते, वार असतो. पण तो वार कोणत्या वर्षी त्या तिथीला येतो, हे कोणी सांगावे? ते काम दीक्षितांनी केले. मध्य प्रदेशातील एरण येथे बुधगुप्त राजाच्या काळचा स्तंभ आहे. त्यावर गुप्त संवत 165, आषाढ शुद्ध द्वादशी, गुरुवार, असा काळ दिला आहे. गणित करून हा दिवस 21 जून 484 असा निघाला. फ्लीट यांचा ग्रंथ 1888 साली निघाला, तेव्हा गुप्तांचा काळ पक्का करण्यात या मराठी शाळामास्तरांच्या आकडेमोडीचा मोठा आधार होता. पुढे रॉबर्ट स्यूएल यांच्याबरोबर त्यांनी हिंदू व मुसलमानी तारखा इंग्रजी तारखांत बदलण्याची कोष्टके इंग्रजीत तयार केली. तो ग्रंथही 1896 साली निघाला. इतिहास शोधणाऱ्यांच्या हाती तो आजतागायत आहे.

1892 साली, दीक्षित धुळ्यास असताना, 'ज्योतिर्विलास' प्रसिद्ध झाले. हे पुस्तक विद्वानांसाठी नव्हे. ज्याला डोळे आहेत आणि रात्री दोन घटका मोकळ्या आहेत, अशा कोणाहीसाठी आहे. त्या दशकांत आकाशाविषयी जगात केवढे कुतूहल होते! मृगाच्या पोटातील तीन ठळक ताऱ्यांच्या खाली लहान ताऱ्यांची एक ओळ लोंबते. तिच्या मधला तारा जरा धुरकट दिसतो. तो तारा नाही, तेजोमेघ आहे. असे मेघ म्हणजे दूरच्या ताऱ्यांची गर्दी, की खरोखरीचा वायू, याचा वाद फार दिवस चालला होता. 1864 साली विल्यम हगिन्स यांनी एका तेजोमेघाचा प्रकाश लोलकातून पृथक करून पाहिला आणि तो तापलेला वायू असल्याचे दाखविले. मृगातील मेघात नवे तारे जन्मतात, असे आज आपण जाणतो. तो आपल्यापासून सुमारे 1,350 प्रकाशवर्षे दूर आहे. पुण्याच्या सायन्स कॉलेजात प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगमवाला यांनी भावनगरच्या महाराजांच्या देणगीतून वेधशाळा उभारली होती. तिच्यात वीस इंची आरशाची दुर्बीण होती, आणि तिच्यातून ते याच मृगाच्या मेघाचा प्रकाश तपाशीत होते. महाराष्ट्रात हे शास्त्र असे दोन्ही अंगांनी जागे होते: एकीकडे मोठी दुर्बीण, दुसरीकडे नुसते डोळे आणि पाटी-पेन्सिल.

1885 च्या ऑगस्टमध्ये देवयानी या तारकासमूहातील धुरकट पुंजक्यात एक नवा तारा झळकला आणि काही महिन्यांत विझला. तारा दिसला त्याअर्थी तो पुंजका जवळच असला पाहिजे, असे बहुतेकांना वाटले. तो आपल्या आकाशगंगेबाहेरचा, ताऱ्यांचा स्वतंत्र संसार आहे, हे एडविन हबल यांनी 1923 च्या पुढे दाखविले, तेव्हा दीक्षितांना जाऊन पंचवीस वर्षे झाली होती. अशा संसाराला आता आपण दीर्घिका म्हणतो. देवयानीची दीर्घिका सुमारे 25 लाख प्रकाशवर्षे दूर आहे. कार्तिकात, चंद्र नसताना, गावाच्या दिव्यांपासून दूर शेतात गेले तर उत्तरेकडे उंचावर ती पुसट दिसते. नुसत्या डोळ्यांनी सहज दिसणाऱ्या वस्तूंत तीच सर्वांत दूरची.

आता कृत्तिकांची गोष्ट सांगते. आपल्याला सहा-सात चांदण्यांचा दिसणारा हा घोस म्हणजे शेकडो ताऱ्यांचा एक गुच्छ आहे. ते सारे एकाच मेघातून जन्मलेले, एकाच कुटुंबातील, आपल्यापासून सुमारे 440 प्रकाशवर्षांवर. कार्तिक महिन्याला नाव मिळाले ते याच घोसावरून. शतपथ ब्राह्मणात कृत्तिकांविषयी असे सांगितले आहे, की इतर नक्षत्रे पूर्व दिशेपासून ढळतात, कृत्तिका ढळत नाहीत. शेकडो वर्षे पंडितांनी हे वाचले. दीक्षितांनी वाचले आणि ते गणिताला बसले. आज कृत्तिका बरोबर पूर्वेला उगवत नाहीत, उत्तरेकडे सरकून उगवतात. मग त्या बरोबर पूर्वेला कधी उगवत होत्या? पृथ्वीच्या डुलण्याचा हिशेब करून त्यांनी उत्तर काढले: ख्रिस्तापूर्वी सुमारे 3000 वर्षे. 1895 साली 'इंडियन अँटिक्वेरी' या नियतकालिकात त्यांनी हे मांडले. सर्वांना ते पटले नाही. ते वचन काटेकोर वेध घेऊन लिहिले असेल कशावरून, असा आक्षेप विद्वानांनी घेतला. जुन्या काळचे वचन पुढच्या ग्रंथात आले असेल, असेही म्हणता येते. ग्रंथाच्या काळाविषयी वाद राहील. परंतु कृत्तिका त्या काळी पूर्वेस उगवत होत्या, या गणिताला कोणी हात लावू शकले नाही.

मी हे वाचले आणि स्वतः पाहायचे ठरविले. 22-23 सप्टेंबरच्या सुमारास सूर्य बरोबर पूर्वेला उगवतो. पहिल्या वर्षी त्या सुमारास पाऊस लागला. बीडमध्ये पावसाला कोणी नावे ठेवीत नाही, म्हणून मी वर्षभर थांबले. दुसऱ्या वर्षी गच्चीवर केरसुणीची काठी उभी केली, सूर्य उगवला त्या जागी दूरच्या कडुनिंबाची खूण धरली, आणि रात्री साडेनऊच्या सुमारास पुन्हा वर गेले. कृत्तिकांचा घोस क्षितिजावर आला होता. पण कडुनिंबावर नव्हे, त्याच्या डावीकडे. हात लांब करून मुठीने मोजले, तर दोन-अडीच मुठी अंतर भरले. पाच हजार वर्षांचे ते सरकणे मी आपल्या हाताच्या मुठीने मोजले! अंगावर काटा आला. त्यासाठी मला दुर्बीण लागली नाही, कोणाची परवानगी लागली नाही.

हे सांगण्याचे कारण आहे. माझी एक मावसबहीण मूळ नक्षत्रावरची. तिची पत्रिका तीन ठिकाणांहून परत आली. सासऱ्याला वाईट, असे सांगून. ती हुशार होती, पण स्वतःलाच अपशकुनी समजू लागली. पुष्कळ वर्षांनी उन्हाळ्यातल्या एका रात्री मी तिला गच्चीवर नेले आणि दक्षिणेकडे वृश्चिकाची नांगी दाखविली. मूळ नक्षत्र ते हेच. आकाशगंगेचा सर्वांत दाट, सर्वांत उजळ भाग तेथेच आहे. आपल्या दीर्घिकेचे केंद्र त्याच बाजूला येते, आणि नांगीच्या जवळ दोन तारकागुच्छ नुसत्या डोळ्यांनीही जाणवतात. ती कितीतरी वेळ पाहत राहिली. मग मी तिला सायन-निरयनाचा हिशेब सांगितला. नक्षत्रांचे विभागही सायन मापाने धरले, तर तिचा चंद्र मूळात उरतच नाही, पूर्वाषाढा किंवा उत्तराषाढा नक्षत्रात जातो. मुलगी तीच, चंद्र तोच, जन्मवेळ तीच. मोजण्याचा आरंभबिंदू बदलला की दोष गेला. जो दोष माणसाच्या मोजपट्टीत आहे, तो मुलीच्या कपाळी का मारावा? ती हसली, आणि मग डोळे पुसू लागली. हे तिला वीस वर्षे आधी सांगायला हवे होते, ही रुखरुख मला आहे. दीक्षितांनी असे काही लिहिले आहे, असे मी म्हणत नाही; हा विचार माझा. पण पुस्तकातले आकाशाशी ताडून पाहावे, ही सवय मला लागली ती त्यांच्यामुळे.

1894 साली दीक्षित पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात आले. ज्या संस्थेत विद्यार्थी म्हणून शिरले, तेथेच ते शिक्षक झाले. मोठा ग्रंथ छापून झाला, कोष्टके झाली, नाव झाले. अजून पुष्कळ काम करायचे होते. परंतु 1898 साली, वयाची पंचेचाळीस वर्षेही पुरी होण्याआधी, ते निवर्तले.

स्वातंत्र्यानंतर देशाला एक सामाईक दिनदर्शिका असावी, म्हणून 1952 साली मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. तिने महिने ऋतूंच्या वर्षाला, म्हणजे सायन वर्षाला धरून आखले, आणि 22 मार्च 1957 पासून ती राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. आकाशवाणीवर आणि सरकारी राजपत्रावर ती तारीख असते. घरातील सण मात्र जुन्या पंचांगानेच चालतात. ज्या पक्षाला दीक्षितांच्या हयातीत हार खावी लागली, त्याला एवढी जागा त्यांच्यामागे साठ वर्षांनी मिळाली.

भगिनींनो, येत्या कार्तिकात एका संध्याकाळी मंडळातर्फे गावाबाहेरच्या एखाद्या शेतात जमावे, अशी माझी सूचना आहे. खर्च काही नाही; सतरंज्या आणाव्यात, मुलींना आणावे, आणि ज्यांना जुनी नावे ठाऊक आहेत अशा घरच्या म्हाताऱ्यांना आवर्जून आणावे. आधी त्यांनी बाज आणि चोर दाखवावेत, मग आपण कृत्तिका, मृग आणि देवयानी दाखवू. वेळ लागेल तो दोन घटकांचा.